तुम्ही विचारलंत म्हणून: महामृत्युंजयाची रिंगटोन का काढली

कुठल्याही लग्नात-मुंजीत गेलं की कुणीतरी विचारतंच, अगं तुझ्या फोनवर महामृत्युंजय वाजायचा ना, किती प्रसन्न वाटायचं, काढलास कशाला? आणि चेहरा असा की मी घरातले देवच गोदावरीत सोडून आलेय. नास्तिक वगैरे नाही झाले हो, सोमवार अजून करते.

बाबा आयसीयूत होते तेव्हा आत्याने लावून दिलेली. ११ दिवस. आत कुणाला सोडत नव्हते, आम्ही खाली बाकड्यावर, आणि औषध आणा, रक्त आणा, सहीला या, सगळं फोनवर. रात्री अडीचला 'ॐ त्र्यंबकं' सुरू झालं की पोटात गोळा यायचा, 'सुगंधिं'पर्यंत मी उचललेला असायचा. शेवटचा फोनसुद्धा तिथेच उचलला.

नंतर सव्वा वर्षाने आईची सत्तरीची शांत. गुरुजींनी खणखणीत आवाजात तोच मंत्र सुरू केला आणि माझ्या ओंजळीतल्या अक्षता सतरंजीवर, मी पर्स उपसतेय, फोन सापडत नाहीये, आणि मी ओरडले, "अरे उचला ना कुणीतरी!" गुरुजी थांबले. दोघीतिघी हसल्या. आई नाही हसली. त्याच रात्री साधी ट्रिंग ट्रिंग लावली.

आता, पूर्वी मीच म्हणायचे की देवाचं नाव कानावर पडतंय ना, कसं का पडेना. बाथरूममध्ये वाजतो म्हणून एका काकांनी टोकलं तर त्यांच्याशी भांडले होते, आणि त्यांचं आजही पटलेलं नाहीये, माझं कारण सोवळ्याओवळ्याचं नाहीच. ऋग्वेदातला मंत्र, ७ वं मंडल. पिकलेली काकडी देठापासून सुटते तसं मृत्यूपासून सोडव, अमृतापासून नको, हे मागणं सगळं दुसऱ्या ओळीत आहे. आणि मी ११ दिवस ते यायच्या आत हिरवं बटण दाबत होते. मग मागितलं काय मी?

बरं, ट्रिंग ट्रिंग असती तर तिचीच धास्ती बसली असती आणि मंत्र बचावला असता, हेही खरंय. म्हणजे चूक आत्याची? तसंही म्हणवत नाही, तिने मायेनेच लावलेली.

आईच्या फोनवर अजून तोच आहे. तिला चष्मा सापडेपर्यंत पार 'मामृतात्'पर्यंत वाजतो. मी तेवढा वेळ गॅलरीत जाऊन उभी राहते, पण तिथेही ऐकू येतोच.