एकाच बाईंच्या दोन नस्त्या

ऑगस्टमध्ये एकाच शिक्षिकेच्या दोन नस्त्या, म्हणजे फायली, माझ्या टेबलावर आल्या. एक जिल्हा आदर्श शिक्षक पुरस्काराची, दुसरी कारणे दाखवा नोटिशीची. दोन्हींत पुरावा एकच: बाईंनी स्वतःच्या खात्यावर टाकलेले वर्गातले व्हिडिओ.

मी जिल्हा परिषदेच्या प्राथमिक शिक्षण विभागात आस्थापनेला, म्हणजे शिक्षकांच्या सेवेच्या कागदपत्रांना, आहे. पुरस्काराच्या प्रस्तावाला 'विभागीय चौकशी सुरू अथवा प्रस्तावित नाही' असा दाखला लागतो. तो माझ्याच टेबलावर तयार होतो. म्हणजे दुसरी नस्ती उघडी असेपर्यंत पहिली हलत नाही.

नोटिशीमागच्या तक्रारीसोबत व्हॉट्सअ‍ॅपवर फिरून आलेला एक स्क्रीनशॉट होता. तारीख कापलेली, वर्गात बादली, छतातून धार. विभागीय चौकशीला कोर्टाइतका काटेकोर पुरावा लागत नाही, म्हणून आमच्याकडे असल्या चित्रावर लोकांच्या वेतनवाढी रोखल्या जातात. मला ते पटत नाही. मूळ लिंक, खात्याचं नाव, तारीख आणि पेन ड्राइव्हवर पूर्ण व्हिडिओ आल्याशिवाय मी टिपणी लिहीत नाही. विस्तार अधिकारी कुरकुरले, पण त्यांनी सगळं पाठवलं.

पूर्ण व्हिडिओत बाई चौथीच्या मुलांना धारकता शिकवत होत्या. गळणारं पाणी मुलं लीटरच्या मापाने मोजत होती, फळ्यावर मिलिलीटरमध्ये मांडत होती. शासनाबद्दल, छताबद्दल एक अवाक्षर नाही. इतका चांगला गणिताचा तास मी पाहिलेला नाही. व्हिडिओ गावच्या ग्रुपवरच राहिला असता तर कुणी विचारलं नसतं. स्थानिक वर्तमानपत्रात छत गळत असल्याची बातमी आली, तेव्हा तालुक्याला वर्तणूक नियम आठवले.

नोटिशीत आधार दिला होता कर्मचाऱ्यांच्या समाजमाध्यम वापराबाबतच्या 28 जुलै 2025 च्या शासन निर्णयाचा. शासनाच्या धोरणावर टीका नको, हे त्यात आहे. शासकीय इमारत, वाहन, पदनाम, बोधचिन्ह वैयक्तिक खात्यावरच्या रील्समध्ये वापरू नये, हेही आहे. टीकेचा मुद्दा इथे लागूच होत नाही. इमारतीचा लावायचा, तर पुरस्काराच्या प्रस्तावातल्या चिंचोक्यांनी दशक-एकक शिकवणाऱ्या व्हिडिओंनाही तो लागतो. तीच खोली, तोच फळा. त्या व्हिडिओंखाली गटशिक्षणाधिकाऱ्यांनी 'अनुकरणीय उपक्रम' असा शेरा दिलाय. मी दोन्ही मुद्दे टिपणीत समोरासमोर मांडले.

बाईंचा खुलासा मुदतीत आला. सोबत छतदुरुस्तीच्या मागणीची जुनी पत्रं, प्रत्येकावर पंचायत समितीच्या आवकचा शिक्का. ती पत्रं नोटीस काढण्याआधी तालुक्यातच वाचायला हवी होती. साहेबांनी नस्तीवर 'चर्चा करा' लिहिलं. चर्चा झाली नाही. दाखला निघाला नाही, आणि 5 सप्टेंबरच्या यादीत बाईंचं नाव नव्हतं.

त्यांनी सगळे व्हिडिओ काढून टाकलेत, चिंचोक्यांचेसुद्धा. आसपासच्या शाळांतले शिक्षक ते बघून वर्गात करून पाहायचे. पुढच्या वर्षी त्यांची सेवेची 12 वर्षं पूर्ण होतात. वरिष्ठ वेतनश्रेणीचा प्रस्ताव माझ्याकडेच येईल आणि चौकशीचा रकाना तिथेही आहे.

परवा नस्ती पुन्हा सादर केली. शेवटी दोनच पर्याय ठेवलेत: ठपका ठेवायचा असल्यास व्हिडिओतल्या कोणत्या वाक्यासाठी, ते आदेशात नमूद करावं, अन्यथा खुलासा मान्य करून प्रकरण नस्तीबद्ध, म्हणजे बंद, करावं.