सोलापूरच्या उन्हाळ्यात हर्मिट क्रॅब: टाकी कशी निवडली (माझा अनुभव)

पाठीवर शंख घेऊन चालणारा खेकडा म्हणजे हर्मिट क्रॅब. कोकणात किनाऱ्यावर गेलेल्या सगळ्यांनी बघितलेला असतोच. माझ्या मावसभावाकडे पुण्यात तीन होते, त्याला नोकरीसाठी बाहेर देशात जायचं होतं म्हणून त्यानं विचारलं तू घेतोस का, तुझ्याकडे राहतील नीट. मी हो म्हणलो पण एकच सांगितलं, टाकी तयार होऊ दे मग आण, कारण त्यानं पाठवलेल्या फोटोत ते तारेच्या पिंजऱ्यात होते, खाली रंगीत खडे, एक ओला स्पंज आणि शंखाला ऑइलपेंट मारलेला. दुकानातून त्याला असाच सेट मिळाला होता आणि ह्यांना एवढंच लागतं असं सांगितलं होतं. ते ऐकून मला खरंच वाईट वाटलं, कारण हे प्राणी धड राहिले तर तीस वर्षंही जगतात, आणि असल्या पिंजऱ्यात काही महिन्यांत जातात.

पिंजरा का नको ते आधी सांगतो कारण सगळी निवड त्याच्यावरच ठरते. जमिनीवरचे हर्मिट क्रॅब पण कल्ल्यांनीच श्वास घेतात, फक्त ते कल्ले हवेसाठी बदललेले असतात आणि कायम ओलसर राहावे लागतात. हवा कोरडी झाली की कल्ले सुकतात आणि खेकडा हळूहळू गुदमरतो, ते सुद्धा एका दिवसात नाही तर आठवडे आठवडे, त्यामुळे मालकाला वाटतं सुस्त झालाय, झोपतोय. ह्यांना ७५ ते ८५ टक्के आर्द्रता लागते आणि २४ ते २९ डिग्री तापमान. आता सोलापूर. एप्रिल-मे मध्ये दुपारी पारा ४० च्या वर आणि हवा अशी की ओला टॉवेल दोरीवर टाकून चहा प्यायला जावं तोवर वाळलेला. इथे जाळीचा पिंजरा म्हणजे जनावराला सरळ उन्हात टाकल्यासारखं आहे. कितीही पाणी फवारा, जाळीतून सगळं निघून जातं. म्हणून काचेची टाकी आणि वर काचेचंच झाकण, ह्यात मला दुसरा विचार करावा लागला नाही.

साइजमध्ये मात्र वेळ गेला. माशांच्या दुकानात रेडिमेड टाकी मिळते ती दोन बाय एक बाय एक फुटाची, स्वस्तात पडते, पण हिशोब करा. कात टाकायला हे वाळूखाली जातात, म्हणून वाळूचा थर सगळ्यात मोठ्या खेकड्याच्या उंचीच्या तिप्पट तरी पाहिजे आणि सहा इंचापेक्षा कमी तर चालतच नाही. तिघांतला मोठा शंखासकट अडीच इंचाचा, म्हणजे आठ इंच वाळू. एक फूट उंचीतून आठ इंच गेले की वर उरले चार, त्यात ते चढणार कुठे, पाण्याचे डबे ठेवायचे कुठे? म्हणून काचवाल्याकडून बनवून घ्यायचं ठरवलं, अडीच फूट लांब, एक फूट रुंद, दीड फूट उंच. काचवाले काका म्हणाले, "मासे पाळणार नाही म्हणताय, मग एवढी टाकी कशाला ओ?" मी म्हणलो वाळू भरायची आहे. "किती?" आठ इंच म्हणल्यावर त्यांनी लगेच मोबाईलवर आकडेमोड केली आणि म्हणाले, तळाची काच आठ एमएम घ्या, वाळू ओली असणार म्हणजे ऐंशी किलोच्या आसपास बसते. हे खूप महत्त्वाचं सांगितलं त्यांनी. त्यामुळे प्लायवूडचा स्टँड रद्द केला आणि आमच्या मधल्या खोलीत कडप्प्याचा जुना ओटा आहे त्याच्यावर टाकी बसवली. ती खोली उत्तरेकडची आहे, थेट ऊन कधीच येत नाही आणि कडप्पा गार राहतो तो फायदा वेगळा. काचा जोडायला सिलिकॉन बुरशीविरोधी औषध नसलेलं, साधं अ‍ॅक्वेरियमचं वापरायला लावलं, आणि व्हिनेगरसारखा वास पूर्ण जाईपर्यंत टाकी रिकामीच ठेवली. झाकण दोन तुकड्यांत केलंय, म्हणजे खायला ठेवताना अर्धंच उघडावं लागतं आणि ओलावा निघून जात नाही. झाकणावर वजन ठेवाच, हे प्राणी सिलिकॉनच्या कडेला धरून वर चढतात.

वाळूचं म्हणाल तर आता बांधकामावर सगळीकडे क्रश सँड असते, ती दगड फोडून केलेली, कडा धारदार, आणि ह्यांचं मागचं अंग एकदम मऊ असतं म्हणून ती नको. नदीची जुनी वाळू एका नातेवाइकांच्या घराचं काम होऊन उरलेली होती ती आणली, पिठाच्या चाळणीने चाळली, मग बादलीत धू धू धुतली. पहिलं पाणी चिखलासारखं निघतं, वरचं पाणी ओतायचं, हात घालून ढवळायचं, परत ओतायचं, तळ दिसेल एवढं पाणी नितळ झालं की मग गच्चीवर वाळवायची. ते वापरलेलं पाणी आईने झाडांना घातलं, चार-पाच दिवसांनी नळ येणाऱ्या गावात एवढं पाणी गटारात सोडायची इच्छा होत नाही. पाच भाग वाळू आणि एक भाग कोकोपीट म्हणजे नारळाच्या काथ्याचा भुसा, नर्सरीत वीट मिळते ती, पण खत न मिसळलेली बघून घ्या. ओलावा किती ते ओळखायला मूठ आवळून बघायची. मूठ उघडल्यावर गोळा तसाच राहिला, बोटांचे ठसे दिसले आणि पाणी टपकलं नाही की झालं. टपकलं तर तळाला पाणी साचून वास येतो, गोळा फुटला तर खेकड्यानं केलेलं बीळ त्याच्याच अंगावर पडतं.

पाणी दोन प्रकारचं लागतं, एक गोडं आणि एक खारं, दोन्ही डबे एवढे खोल की खेकडा पूर्ण बुडाला पाहिजे पण बाहेर यायला आत जाळीचा तुकडा किंवा खडे पाहिजेत, नाहीतर बुडून मरतो, हा समुद्राच्या तळाला राहणारा खेकडा नाही. आपल्याकडे उजनीचं पाणी क्लोरीन मारून येतं, ते साठवून ठेवलं तर क्लोरीन बऱ्यापैकी उडतं पण मी तरी माशांचं डीक्लोरीनेटर टाकल्याशिवाय वापरत नाही. खाऱ्या पाण्याला घरातलं मीठ अजिबात नको. अ‍ॅक्वेरियम सॉल्ट म्हणून गोड्या पाण्यातल्या माशांसाठी मिळतं ते पण नको. मरीन सॉल्टच घ्या, कारण त्यात समुद्रातले बाकीचे क्षार पण असतात, लिटरला साधारण ३५ ग्रॅम. सोलापुरात मला मिळालं नाही, ऑनलाइन मागवलं. आणि भांडी प्लास्टिक किंवा काचेची. तांब्या-पितळेची वाटी चुकूनही ठेवू नका, तांबं ह्या प्राण्यांना विषासारखं आहे.

विषावरून सगळ्यात कळकळीनं सांगायचं ते डासांच्या औषधाबद्दल. अगरबत्ती, लिक्विड मशीन, झुरळांचा स्प्रे, मुंग्यांचा खडू, जे औषध किड्याला मारतं ते खेकड्याला पण मारतं. आमच्याकडे संध्याकाळी मशीन लावायची सवय, आई म्हणाली, "अरे पण आपल्याला झोप लागंल का?" मग त्या खोलीच्या खिडकीला जाळी बसवली आणि झोपताना मच्छरदाणी, आता तिलाच ते बरं वाटतंय.

हायग्रोमीटर, म्हणजे हवेतली आर्द्रता मोजणारं मीटर, आकडा बरोबर दाखवतो का ते घरीच तपासता येतं. बाटलीच्या झाकणात मीठ घ्यायचं, थोडं पाणी टाकून ओलं करायचं, ते आणि मीटर एका घट्ट झिपलॉकमध्ये दिवसभर ठेवायचं. आकडा ७५ यायला पाहिजे. माझा ७० दाखवत होता, म्हणजे कायम पाच मिळवून वाचायचं. हे न करता लोक मीटरवर विश्वास ठेवतात आणि मग खेकडा का मेला म्हणून विचारत बसतात.

खेकडे आले फेब्रुवारीच्या शेवटी, आणि खरी परीक्षा एप्रिलमध्ये. आर्द्रतेचा प्रश्न झाकणानेच सुटला होता, ८० च्या खाली गेलीच नाही, पण गरमी. बंद काचेत तापमान वाढलं की ओलसर वाफाळलेली हवा होते, आणि ३० च्या वर सतत राहणं धोक्याचं. खोलीत कूलर आहे पण लाइट जाते. बर्फाच्या बाटल्या फडक्यात गुंडाळून झाकणावर ठेवल्या, त्याने उतरतं पण बर्फ वितळला की परत चढतं, सारखं तेच. मग मागच्या काचेला बाहेरून सोलापुरी टॉवेल ओला करून लावला, खालचं टोक पाण्याच्या ट्रेमध्ये सोडलं आणि बॅटरीवरचा छोटा पंखा टॉवेलवर मारला. टॉवेल जाड आणि दोऱ्याच्या फासांचा असल्यामुळे पाणी स्वतःच वर ओढून घेतो, आपल्या कोरड्या हवेत ते भराभर उडतं आणि काच गार पडते. खोलीत ३४ असताना टाकीत २९ राहिलेलं मी बघितलंय. मुंबईत हा उपाय एवढा चालणार नाही, तिथली हवाच दमट. इथली जी कोरडी हवा आतल्या जिवाला घातक तीच बाहेरच्या बाजूनं कामाला आली, ह्याचा मला खूप आनंद झाला.

मे मध्ये मोठा खेकडा वाळूत गेला आणि दिसेनासाच झाला. हे होणारच होतं, कात टाकायला ते वाळूखाली जातात, मोठ्याला दोन-तीन महिने सुद्धा लागतात, तिथेच जुनी कात खातात कारण त्यातलं कॅल्शियम परत लागतं. ह्या काळात उकरायचं नाही म्हणजे नाही. वरून सडक्या मासळीचा वास येत नसेल तर तो ठीक आहे असं समजायचं. भाऊ व्हिडिओ कॉलवर रोज विचारायचा, अरे बघ ना एकदा उकरून, मी ठाम नाही म्हणलो. पावसाळ्यात एका रात्री तो वर आला, पाय टवटवीत, रंग उजळ, आणि दोनच दिवसांत पेंट मारलेला शंख टाकून साध्या, गोल तोंडाच्या टर्बो शंखात शिरला. आठ इंच वाळूचा हट्ट ज्याच्यासाठी धरला ते हेच. मला त्या रात्री झोप आली नाही खरं.

खाण्यात सुकट धुऊन, खोबरं, मीठ नसलेले शेंगदाणे, पपई, वाळलेली बदामाची पानं, कॅल्शियमला अंड्याचं कवच कुटून. मसाल्याचं काही नाही.

थंडीत, जानेवारीत आमच्या गड्ड्याच्या जत्रेच्या सुमारास रात्री टाकी २० वर यायला लागली तेव्हा हीट मॅट थर्मोस्टॅट लावून मागच्या काचेला चिकटवली, वाळूच्या रेषेच्या वर. तळाला कधीच लावू नका, खाली कात टाकणारा असेल तर शिजून जाईल. वरून बाहेरच्या तीन बाजूंना चादर.

अजून एक, ह्यांची घरात सहसा पैदास होत नाही, पिल्लं समुद्रातच वाढतात, म्हणजे दुकानातला जवळपास प्रत्येक खेकडा किनाऱ्यावरून उचललेला असतो. म्हणून नवीन विकत आणू नका असंच मी म्हणेन. कोणाकडे आधीच असतील तर मात्र पिंजरा आजच बदला, वाळूचा आणि काचेचा हिशोब मी काढून देतो.

माझ्याकडे आता धाकटा वाळूत गेलाय. वर आल्यावर त्याला मोठा शंख लागणार, गोल तोंडाचे दोन-तीन मापांचे रत्नागिरीच्या आत्याला सांगून ठेवलेत, रिकामे आणि आत कोणी नाही बघूनच घे म्हणलोय. मार्च लागायच्या आत यायला पाहिजेत, नंतर टॉवेल आणि ट्रे परत काढायचाय.