जग बुडायचं होतं तो बुधवार

१० सप्टेंबर २००८. गणपती बसलेले, अनंत चतुर्दशीला चार दिवस होते. मी उद्यमबागेत एका मोटर वाइंडिंगच्या दुकानात हाताखाली होतो. समोर चहाची टपरी, तिथं टीव्ही. आमच्या बेळगावात मराठी आणि कानडी चॅनेलांचं एकमत कधी होत नाही, त्या दिवशी झालं. जिनिव्हाजवळ जमिनीखाली २७ किलोमीटरच्या बोगद्यात प्रोटॉन, म्हणजे अणूच्या पोटातले कण, एकमेकांवर आदळवायचं मशीन (लार्ज हॅड्रॉन कोलायडर) सुरू होणार, त्यातून कृष्णविवर निघणार, पृथ्वी खलास.

मालक म्हणाले, "बुडतंय ते चारनंतर बुडूंदे. येळ्ळूरची गिरणीवाली मोटर न्यायला येणार हाईत."

आपल्या घड्याळात दोनच्या सुमारास प्रोटॉनांनी पहिली फेरी पुरी केली. झालं काहीच नाही. होणार तरी कसं? त्या दिवशी टक्कर नव्हतीच, नुसती फेरी होती. हे कुठल्याच चॅनेलनं सांगितलेलं मला आठवत नाही.

रात्री आजीनं विचारलं, "करून बघितल्याबिगर त्यांना कसं कळलं, काय होत न्हाई म्हणून?" प्रश्न चोख होता, उत्तर मला पुढं काही वर्षांनी वाचायला मिळालं. आभाळातून येणारे वैश्विक किरण याहून जोरात पृथ्वीवर, चंद्रावर आदळतात, तेही अब्जावधी वर्षं. प्रयोग आधीच झालाय, माणसानं केला नाही एवढंच. तोवर आजी राहिली नव्हती.

खरी भानगड नऊ दिवसांनी झाली, आणि ती वाचून मी हसलो नाही. दोन चुंबकांमधल्या केबलचा एक जोड नीट बसला नव्हता. त्याचा रोध ओहमच्या साधारण पन्नास लाखाव्या भागाइतका, आमच्या मीटरवर शून्यच दिसला असता. पण त्यातून ८,७०० अँपियर चालले होते. जोड तापला, ठिणगी पडली, चुंबक थंड ठेवणाऱ्या हेलियमची टाकी फुटली, टनावारी हेलियम बोगद्यात. बोगद्यात कुणी नव्हतं म्हणून माणसं वाचली. ५३ चुंबक वर काढावे लागले, मशीन वर्षभराहून जास्त बंद.

येळ्ळूरची मोटर दिवाळीआधी परत आली, जळून. मालकांनी जोडावरची स्लीव्ह ओढली, आत तार काळी, कथील पसरलंच नव्हतं. तो डाग मी दिला होता, त्या बुधवारी, मान टपरीकडं करून.