काळ्या पट्ट्या राहू द्या

गणपती आठवड्यावर आले. चाकरमानी गावी पोचले की रात्रीच्या आरतीनंतर माजघरात एखादा जुना हिंदी कौटुंबिक चित्रपट लागणारच. आता तो कुणाच्या तरी फोनवरून टीव्हीवर येतो, आणि तिथेच त्याची वाट लागते.

आधी चौकट, म्हणजे चित्राच्या रुंदीचं उंचीशी प्रमाण. जुन्या बऱ्याच चित्रपटांची चौकट 4:3, आपला टीव्ही 16:9. पडदा भरावा म्हणून चित्र ताणलं की माणसं 33 टक्क्यांनी रुंद होतात. 'झूम' केलं तर वरून-खालून मिळून पाव चित्र कापलं जातं. 'कभी खुशी कभी गम'सारख्या (2001) रुंद चौकटीच्या चित्रपटात झूमने कडेची माणसं जातात. कौटुंबिक चित्रपटाचं यात फार नुकसान होतं. बोलत असतो थोरला भाऊ, पण खरा प्रसंग घडत असतो कडेला, दाराशी उभ्या धाकट्या जावेच्या चेहऱ्यावर. म्हणून रिमोटवर 'ओरिजिनल' निवडा. काळ्या पट्ट्या दिसल्या तर दिसू द्या. चित्र मालिकेसारखं गुळगुळीत वाटत असेल तर टीव्हीच्या सेटिंगमधलं 'मोशन' बंद करा. चित्रपट सेकंदाला 24 स्थिर चित्रांचा असतो, मधली चित्रं टीव्ही स्वतःच्या पदरची घालतो.

पत्र्यावर पाऊस कोसळत असताना संवाद ऐकू येत नाहीत, म्हणून आवाज वाढवावा तर गाणं लागताच पाळण्यातलं पोर जागं होतं. टीव्हीत 'क्लिअर व्हॉइस' (संवाद ठळक करणारा पर्याय) असेल तर तो लावा. वेगळा स्पीकर वायरनेच जोडा. ब्लूटूथवर कधी कधी ओठ आधी हलतात, शब्द मागून येतात.

वीज आणि रेंज दोन्ही बेभरवशाची, त्यामुळे चित्रपट मुंबईतूनच डाउनलोड करून आणणं बरं. मात्र काही अ‍ॅप डाउनलोड केलेला चित्रपट टीव्हीवर पाठवूच देत नाहीत, आणि बऱ्याच फोनमधून केबलनेही चित्र बाहेर येत नाही. निघण्यापूर्वी जोडून बघा.

तरुण मुलांना यातले रडण्याचे प्रसंग रील्समधून तुकड्यातुकड्यांनी माहीत असतात आणि ते हसतात. त्याआधीचे दोन तास त्यांनी पाहिलेलेच नसतात, मग दुसरं काय होणार? त्यांना पहिल्यापासून बसवा. 'दो रास्ते' (1969) चंद्रकांत काकोडकरांच्या 'निलांबरी' कादंबरीवरचा. ती वाचलेलं कुणी घरात असेल तर मध्ये थांबवून त्यांना बोलू द्या. तीन तास एका बैठकीत जमणार नाहीत. मध्यंतराची पाटी आली की थांबा, उरलेला उद्या.