कामठी: नागपूरला लागून असलेलं, पण आपण कधी उतरून न बघितलेलं शहर

नागपुरात कुणालाही कामठीबद्दल विचारा, दोनच उत्तरं मिळतात. एक म्हणजे ड्रॅगन पॅलेस हे बुद्धमंदिर आणि दुसरं म्हणजे "तिकडं मिलिटरीवाले राहतात". रामटेकला जाताना, पेंचला जाताना, जबलपूरला जाताना आपण सगळे कामठीतून पास होतो, पण गाडी थांबवून खाली उतरणारे फार कमी. माझी मावशी कामठीला लागून असलेल्या रानाळ्याला राहते त्यामुळं माझं जाणं-येणं लहानपणापासूनचं, तरी पूर्ण दिवस काढून नुसतं कामठी फिरायचं म्हणून मी या थंडीतच गेले, आणि परत आल्यापासून ज्याला त्याला सांगत सुटलेय की बाबा रे, एकदा जाऊन या.

सीताबर्डीवरून ऑरेंज लाईननं निघाले. कामठी रोडचा हा मेट्रोचा पट्टा मला मनापासून आवडतो. गड्डीगोदामला खाली रस्ता, त्याच्यावर रेल्वे, त्याच्यावर उड्डाणपूल आणि सगळ्यात वर आपली मेट्रो, असं चार मजली काम आहे आणि खिडकीशी बसलं की खालून जाणारी मालगाडी दिसते. ऑटोमोटिव्ह चौकाला मेट्रो संपते. पुढं शेअर ऑटो. खसारा फाटा, आकाशवाणी, खैरी फाटा, दोन्ही बाजूला लॉन, मंगल कार्यालयं, टाइल्सची दुकानं, नव्या स्कीमचे मोठमोठे बोर्ड, म्हणजे नागपूर आता संपलं असं वाटायला जागाच उरलेली नाही.

आणि मग एकदम छावणी लागते. हवा बदलते हे मी उगाच म्हणत नाहीये, खरंच दोन स्वेटर घालावेत अशी सावली आहे तिथं. मोठमोठी जुनी झाडं, सगळ्यांच्या बुंध्यांना खाली चुना आणि गेरूचे पट्टे मारलेले, रस्त्याच्या कडेला एक कागद नाही, लांब लांब कंपाउंडात कौलारू बंगले. मॉल रोडवरून चालताना एक तुकडी दुडक्या चालीनं बाजूनं गेली, सगळ्यांचे बूट एकाच वेळी पडत होते, आणि मी आपोआप रस्त्याच्या कडेला सरकून उभी राहिले. फोटो काढायचा नाही, ठिकठिकाणी लिहिलेलं आहे आणि ते पाळायचंच.

इथं सैन्य आलं कसं, तर त्याची सुरुवात आपल्या सीताबर्डीच्या टेकडीवर आहे. २६ आणि २७ नोव्हेंबर १८१७ ला तिथं अप्पासाहेब भोसल्यांची फौज आणि इंग्रज यांची लढाई झाली, भोसले हरले. नंतर राजधानीच्या जवळ पण राजधानीच्या बाहेर कायमची फौज ठेवायला इंग्रजांनी कन्हान नदीच्या काठची ही जागा निवडली आणि १८२१ मध्ये छावणी वसवली. फौज होती मद्रासची. फौजेबरोबर दुकानदार आले, सावकार आले, धोबी, शिंपी, खाटीक आले आणि बघता बघता मोठी बाजारपेठ उभी झाली.

यातली सगळ्यात इंटरेस्टिंग गोष्ट मला ही वाटते की कामठी एकदा मोठं होऊन परत लहान झालेलं शहर आहे. रेल्वे आली, आणि आपल्याला वाटतं रेल्वे आली की गाव वाढतं, पण इथं उलटं झालं, व्यापार सगळा नागपूरकडं ओढला गेला, वरून छावणीतली फौजही कमी केली. १८८१ नंतर लोकसंख्या सारखी घटत गेली आणि १९०१ च्या जनगणनेत ती ३८,८८८ वर आली. म्हणजे आज तुम्ही जुन्या कामठीत जे रुंद रस्ते आणि ते मोठे मोठे पडके वाडे बघता ना, ते त्या आधीच्या श्रीमंतीचे आहेत. २०११ च्या जनगणनेत नगरपरिषदेच्या हद्दीत साधारण ८७ हजार लोक. पण खरी वाढ या आकड्यात दिसतच नाही, त्याच्याबद्दल पुढं सांगते.

आजची छावणी म्हणजे मुख्यतः ब्रिगेड ऑफ द गार्ड्सचं रेजिमेंटल सेंटर. ही रेजिमेंट १९४९ मध्ये जनरल करिअप्पांनी उभी केली. त्याच्या आधी रेजिमेंट म्हणजे एका जातीची नाहीतर एका प्रदेशाची असायची, गार्ड्समध्ये मात्र पहिल्यापासून सगळ्या देशातली, सगळ्या समाजातली पोरं एकत्र. पंजाब, ग्रेनेडियर्स, राजपुताना रायफल्स आणि राजपूत अशा चार जुन्या रेजिमेंटच्या नावाजलेल्या पलटणी घेऊन सुरुवात केली होती. निशाणी गरुड, ब्रीद "पहला हमेशा पहला". १९७१ च्या युद्धात गंगासागरला परमवीरचक्र मिळवणारे लान्स नायक अल्बर्ट एक्का हे १४ गार्ड्सचे. झारखंडातल्या आदिवासी घरातला हा माणूस, त्याचं नाव या शहराशी जोडलेलं आहे हे आपल्या शाळेत मला कुणी सांगितलं नव्हतं. एनसीसीच्या अधिकाऱ्यांना ट्रेनिंग देणारी अकादमी पण इथंच आहे, म्हणजे महाराष्ट्रातल्या कितीतरी शाळा-कॉलेजातले एनसीसीचे सर कामठीत राहून गेलेले असतात. तुमच्या सरांना विचारून बघा.

छावणीला लागून गोरा बाजार. इथं मला जे बघायला मिळालं त्याच्यासाठी मी परत जाईन. एका लहानशा दुकानापुढं लोखंडी काळ्या पेट्या रचलेल्या, फौजी ट्रंक, आणि एक पेंटर काका उकिडवे बसून एका पेटीवर पांढऱ्या रंगानं नाव टाकत होते. आधी खडूनं दोन रेघा ओढल्या, मग आर्मी नंबर, मग रँक, मग नाव, मग खाली पोराच्या गावाचं स्टेशन. ब्रश इतका बारीक की त्याला चारच केस असतील, आणि हात जरा पण हलत नव्हता. पेटीचा मालक, अठरा-एकोणीसचा पोरगा, नुकते केस कापलेला, बाजूला उभा राहून प्रत्येक अक्षर वाचत होता. काकांनी त्याला नाव दोनदा विचारून घेतलं. तो ओडिशाचा होता.

मी विचारलं, "काका, किती वर्षं झाली हे काम करून?"

"माझे बाबा करत होते ताई. आता रेडिमेड स्टिकर निघाले, पण फौजीले पेटीवर हातानंच लिहिलेलं लागते. स्टिकर दोन बदल्यांत निघून जाते."

"सगळीकडचे येतात का?"

"सगळीकडचे. कसम परेड, म्हणजे ट्रेनिंग संपल्यावर शपथ घेतात ती, असली की त्याइचे मायबाप येतात, कोणी राजस्थानातून, कोणी बंगालातून. भाषा समजत नाही पण पोराचं नाव पेटीवर वाचून रडतात ते. मी किती खेप पाहिलं."

या एका पेटीपायी मला ही छावणी समजली. आपण तिकडं भिंत आणि गेट बघतो, इकडच्या दुकानदाराला मात्र देशातल्या प्रत्येक जिल्ह्याचं नाव पाठ आहे. फीत, बॅज, नेमप्लेट, पॉलिश, मच्छरदाणी, युनिफॉर्म फिटिंग करणारे शिंपी, हेअर कटिंग, एसटीडीच्या जुन्या बोर्डाखाली आता मोबाईल रिचार्ज, सगळा बाजार या पोरांवर चालतो. बोलणं हिंदीत, हिशेब हिंदीत, आणि शेजारच्या दुकानदाराशी भांडण मराठीत.

तिथून जयस्तंभ चौकाकडं आलं की दुसरं कामठी सुरू. छावणीचा कारभार कॅन्टोन्मेंट बोर्डाकडं आणि गावाचा नगरपरिषदेकडं. महाराष्ट्रात अशी सात कॅन्टोन्मेंट आहेत, पुणे, खडकी, देहूरोड, देवळाली, अहिल्यानगर, छत्रपती संभाजीनगर आणि विदर्भातलं हे एकटं. हद्द कुठं बदलली हे नकाशा न बघता कळतं, झाडं संपली आणि वायरींचे गुंते सुरू झाले की समजायचं गावात आलो. फुटाणा ओळी, लाला ओळी, नावातच कोण कुठं बसायचं ते आलं. एका बाजूला मशीद, पुढं मंदिर, थोडं पुढं बुद्धविहार, तिकडं जुनं चर्च, आणि हे सगळं चालत चालत होण्यासारखं.

विणकरांच्या वस्तीत मुद्दाम गेले. १८५७ नंतर उत्तर प्रदेशातून मोमीन विणकर इकडं आले, काही नागपूरच्या मोमिनपुऱ्यात राहिले, काही कामठीला. आता बहुतेक ठिकाणी पॉवरलूमचा खडखडाट आहे पण एका घरात खड्डामाग चालू होता. चाचा पाय खड्ड्यात सोडून बसलेले, पायानं पावडी दाबायची, हातानं दोरी ओढायची, धोटा इकडून तिकडं, मग फणी ठोकायची, आणि प्रत्येक ठोक्याला साडी दोऱ्याएवढी पुढं सरकते. चाची बाजूला कांड्या भरत होत्या. म्हणाल्या, "बच्चे नहीं करते अब, दुकान पे जाते हैं नागपूर." मजुरी सांगितली ती ऐकून मी गप्प झाले. एवढ्या कसबाची एवढीच किंमत असेल तर पोरं कशाला बसतील मागावर, आणि तरी त्यांनी मला चहा पाजल्याशिवाय सोडलं नाही.

बिडी हे इथलं दुसरं जुनं काम, आणि बिडी म्हटलं की बाबू हरदासांचं नाव घेतलंच पाहिजे. हरदास लक्ष्मणराव नगराळे, जन्म ६ जानेवारी १९०४, कामठीचे. बाबासाहेबांचे अगदी निष्ठावान कार्यकर्ते, बिडी कामगारांची संघटना बांधली, १९३७ च्या निवडणुकीत नागपूर-कामठीतून निवडून आले आणि १२ जानेवारी १९३९ ला क्षयानं गेले, वय पस्तीस. "जय भीम" हे अभिवादन रुजवण्याचं श्रेय त्यांना दिलं जातं. आज जगात कुठंही दोन माणसं जय भीम म्हणून भेटतात ना, त्याची सुरुवात या गल्ल्यांतल्या माणसापासून आहे, आणि नागपुरात राहून आपल्याला ते माहीत नसावं याचं मला खूप वाईट वाटलं.

ड्रॅगन पॅलेस सगळ्यांना माहीत आहे म्हणून थोडक्यात लिहिते. १९९९ चं बांधकाम, जपानच्या ओगावा सोसायटीच्या मदतीनं, कामठीच्याच सुलेखाताई कुंभारे यांच्या पुढाकारानं. आतली बुद्धमूर्ती चंदनाची आहे. २०१७ मध्ये बाजूच्या विपश्यना केंद्राचं उद्घाटन राष्ट्रपती रामनाथ कोविंद यांनी केलं. रविवारी जाऊ नका, सेल्फीवाल्यांची गर्दी असते. मधल्या वारी सकाळी जा आणि आत जरा वेळ नुसतं बसा.

दुपारी मावशीकडं जेवायला. भाकरी, वांग्याची भाजी, ठेचा, आणि टोपलीभर संत्री. मावशीचे मिस्टर, म्हणजे आमचे काका, खाणीतून रिटायर झालेले, त्यांना शहराचं सगळं माहीत. ते म्हणाले, "तू कामठी पायली म्हणतेस पण कामठी वाढून कुठं राहिली ते पायलं का? छावणीत वीट रचता येत नाही, जुन्या गावात जागा नाही, मंग माणूस जाईन कुठं? येरखेड्यात आन् रानाळ्यात."

आणि हेच मला मघाशी सांगायचं होतं. कामठीचा आकार छावणीनं ठरवलाय. एका बाजूला लष्कराची जमीन, एका बाजूला नदी, त्यामुळं नगरपरिषदेच्या हद्दीतली लोकसंख्या २००१ ते २०११ मध्ये जवळपास तिथंच थांबली आणि शेजारची खेडी फुगली. मी लहान असताना मावशीच्या गच्चीवरून धानाचे बांध दिसायचे, आता सगळीकडं रो-हाऊस आणि चार मजली फ्लॅट. रिटायर झालेले फौजी इथंच प्लॉट घेतात, कुणी बिहारचं, कुणी केरळचं, पोरं इथल्या शाळेत शिकली म्हणून राहून जातात. पण रस्ते गावखेड्याचे आणि नाल्या अर्ध्याच, पावसाळ्यात मावशीच्या गल्लीत दुचाकी ढकलत न्यावी लागते. शहर झालं पण शहराची सोय आली नाही.

आता मेट्रो येतेय. फेज दोनमध्ये ऑटोमोटिव्ह चौकापासून कन्हान नदीपर्यंत साधारण १३ किलोमीटर आणि १२ स्टेशन. लेखानगर, कॅन्टोन्मेंट, कामठी पोलीस स्टेशन, नगरपरिषद, ड्रॅगन पॅलेस, गोल्फ क्लब, नुसती स्टेशनांची नावं वाचली तरी सगळं गाव डोळ्यापुढं येतं. काका खूश आहेत, "भाव वाढून राहिले" म्हणतात. मला मात्र दीडशे वर्षांपूर्वीची रेल्वे आठवते. तेव्हा रूळ आले आणि बाजार नागपूरला गेला. या वेळी नागपूरची माणसं इकडं राहायला येणार आणि कामाला परत तिकडंच जाणार असतील तर जुन्या बाजाराला, मागावाल्या चाचांना त्याच्यातून काय मिळणार? मेट्रोबरोबर इथं काम पण आलं पाहिजे, नुसते प्लॉट नाही.

संध्याकाळी कन्हानच्या पुलावर गेलो, काका पण आले. इथून थोडं वर पेंच आणि कोलार कन्हानला येऊन मिळतात. नागपूरच्या कितीतरी नळांना हेच पाणी येतं, हे पण आपल्या लक्षात नसतं. जुलै २०२२ मध्ये वीज केंद्राच्या राखेचा खसाळ्याचा बंधारा फुटला तेव्हा ती राख नाल्यातून कोलारात आणि कोलारातून या नदीत आली होती आणि नागपूरचं पाणी अडलं होतं, तेव्हा कुठं चार दिवस कन्हानचं नाव पेपरात होतं. वाळू उपसून पात्रात खड्डे पडलेत. काकांनी पोहायला शिकले ती जागा दाखवली, तिथं आता पोराला उतरू देत नाही म्हणाले.

जाणार असाल तर थंडीत जा, ओळखपत्र जवळ ठेवा, छावणीत मोबाईल खिशात ठेवा आणि गाडी घेऊन जाऊ नका, ऑटोनं जा, पायी फिरा. जुनी कामठी आणि गोरा बाजार सकाळी दहाच्या आत करा, विणकरांकडं दुपारी. साडी आवडली तर भाव करू नका, थेट त्यांच्याकडूनच घ्या.