त्यांना जे ठाऊक नव्हते

तुम्ही विचारलंत म्हणून लिहिते. हिमालयातल्या जुन्या मोहिमांवरच्या साहसकादंबऱ्यांविषयी मी बरीच वर्षे लिहीत आले आहे आणि त्यामुळे एक प्रश्न मला पुन्हा पुन्हा विचारला जातो: अशी कादंबरी चांगली की वाईट हे तुम्ही कशावर ठरवता, तिच्यातल्या थरारावर की इतिहासाच्या अचूकपणावर? विचारणारा गिर्यारोहक असेल तर तो बहुधा दोराच्या गाठींमधल्या चुका काढून दाखवतो, आणि नुसता कादंबरीचा वाचक असेल तर म्हणतो की गाठींचे काय घेऊन बसलात, पुस्तक हातातून सुटले नाही एवढे पुरे. दोघांचेही मला काही अंशी पटते. पण वाचताना मी स्वतः शोधते ते वेगळेच असते. आपल्या पात्रांना काय ठाऊक नव्हते, याची लेखकाला जाण आहे का, एवढेच मी पाहते.

ही कसोटी सोपी वाटते, पण ती लावली की पुष्कळ पुस्तके पहिल्या पन्नास पानांतच अडखळतात. आज एव्हरेस्टचे नाव घेतले की त्याच्या वाटा, छावण्यांच्या जागा, चढाईचा हंगाम हे सगळे आपल्या मनात आधीच हजर असते. 1921 साली पहिली ब्रिटिश तुकडी तिबेटमधून तिकडे निघाली तेव्हा डोंगराच्या पायथ्याशी नेमके कुठून पोचायचे, इथपासून शोध घ्यायचा होता. उंची तेवढी माहीत होती. शंभराहून अधिक मैल दूरच्या मैदानातून घेतलेल्या मोजमापांवरून ती 29,002 फूट असल्याचे 1856 मध्ये जाहीर झाले होते. नेपाळ परकीयांना बंद होता, त्यामुळे दार्जिलिंगहून सिक्कीम, चुंबी खोरे, फारी, कांपा झोंग अशी कित्येक आठवड्यांची चाल करून उत्तरेकडून यावे लागे. त्या तुकडीतले गिर्यारोहक मॅलरी आणि बुलक यांनी डोंगराच्या उत्तर आणि पश्चिम बाजू पायाखाली घातल्या, आणि तरीही ज्या पूर्व रोंगबुक हिमनदीवरून नॉर्थ कोल या उत्तरेकडच्या खिंडीकडे चांगली वाट जाते, तिचे अरुंद तोंड त्यांच्या नजरेतून सुटले. ते हेरले सर्वेक्षणाचे काम करणाऱ्या व्हीलरने. मला या चुकण्यात विलक्षण नाट्य दिसते. एवढा मोठा डोंगर समोर उभा आहे, आणि त्याच्याकडे जाणारी वाट एका चिंचोळ्या फटीच्या आड दडलेली आहे. बहुतेक कादंबरीकार हा सगळा भाग दोन परिच्छेदांत उरकून शिखराकडे धावतात, कारण वाट त्यांना स्वतःला ठाऊक असते. जे त्यांना शोधावे लागले नाही, ते पात्रांनाही शोधावे लागत नाही.

शरीराच्या बाबतीत ही गफलत अधिक सूक्ष्म होते. माझ्याकडे अभिप्रायासाठी आलेल्या एका हस्तलिखितात 1924 च्या एव्हरेस्ट मोहिमेतला डॉक्टर एका आजारी हमालाच्या छातीला कान लावतो आणि उंचीमुळे फुप्फुसांत पाणी साचले आहे, याला ताबडतोब खाली न्या, असे ठामपणे सांगतो. वैद्यकाच्या दृष्टीने वाक्य बरोबर आहे, पण त्या माणसाच्या तोंडी ते असत्य आहे. या विकाराची न्यूमोनियाहून वेगळी ओळख वैद्यकाला पटली ती 1960 च्या सुमारास. तोवर डोंगरावरच्या अशा मृत्यूंची नोंद सहसा न्यूमोनिया म्हणूनच होत असे. ‘डेथ झोन’, म्हणजे जिथे माणूस फार काळ जगू शकत नाही असा उंचीवरचा पट्टा, हा शब्द त्याच हस्तलिखितात चार वेळा आला होता, आणि त्यामागची कल्पना तर एका स्विस डॉक्टरने 1950 च्या दशकात मांडलेली. लेखकाला मी लिहिले की आपल्या डॉक्टरला चुकू द्या. खरा डॉक्टर त्या तंबूत कसा बसला असता, याचा विचार करा: सगळी विद्या पाठीशी असलेला, युद्धात शेकडो जखमींवर उपचार केलेला, आणि या एका खोकल्यापुढे हतबल झालेला. वाचकाला उत्तर ठाऊक आहे आणि पात्राला नाही, या अंतरातच त्या प्रसंगाची सगळी वेदना आहे. ऐतिहासिक कादंबरीपाशी याहून मोठे भांडवल नसते, आणि ज्ञानी डॉक्टर निर्माण करून लेखक ते स्वतःच्या हाताने उधळून टाकतो.

उंचीवरचे गद्य कसे असावे, याविषयीही मला सांगायचे आहे. समुद्रसपाटीच्या तुलनेत साडेपाच हजार मीटरवर हवेचा दाब सुमारे निम्मा होतो आणि एव्हरेस्टच्या माथ्यावर तो सुमारे एक तृतीयांश उरतो. मी स्वतः पूर्वी एकदा साडेपाच हजारांच्या जरा वरच्या छावणीत दोन रात्री काढल्या होत्या. तिथे लिहिलेली दैनंदिनी खाली आल्यावर उघडली, तर एकच वाक्य ओळीने तीनदा लिहिलेले होते, आणि लिहिताना मला ते प्रत्येक वेळी नवे वाटले होते. तेव्हापासून आठ हजार मीटरवर उभा राहून स्वतःच्या बालपणाविषयी दोन पाने सुसंगत चिंतन करणारा नायक भेटला की माझा विश्वास उडतो. 4 जून 1924 रोजी एव्हरेस्टवर त्या मोहिमेचा नेता नॉर्टन ऑक्सिजनशिवाय 28,126 फुटांपर्यंत गेला, म्हणजे साधारण 8,570 मीटर. त्याने मनाशी ठरवले होते की न थांबता सलग वीस पावले टाकायची. ते त्याला एकदाही जमले नाही; मजल जायची ती तेराच्या आसपास. माझ्या मते या तेरा पावलांत अशा कादंबरीची सगळी लय दडलेली आहे. वाक्ये तिथे तोकडी व्हावीत, विचार अर्ध्यावर सुटावेत, क्षुल्लक गोष्टी अवाढव्य व्हाव्यात. बर्फ वितळवून पेलाभर पाणी करण्यात गेलेला तास, गोठलेल्या बुटात न शिरणारा पाय, कोमट असतानाच उकळी फुटलेला चहा, हे तिथले खरे प्रसंग आहेत. कोसळत्या हिमकड्याचे वर्णन कुणालाही करता येते, पण एका बुटावर पान खिळवून ठेवायला लेखक लागतो.

कपडे आणि साधने यांविषयी मी फारशी काटेकोर नाही. नायलॉनचा दोर दुसऱ्या महायुद्धाच्या आधी दिसला तर खटकतो, पण तेवढ्यावरून मी पुस्तक बाजूला ठेवत नाही. त्या काळातला वाद मात्र खरा उतरायला हवा. 1922 च्या एव्हरेस्ट मोहिमेतले फिंच आणि जेफ्री ब्रूस ऑक्सिजन वापरून सुमारे 27,300 फुटांपर्यंत पोचले, म्हणजे तोवर कुणीही गेले नव्हते इतके उंच. तरीही नळकांड्यांतली हवा घेऊन चढणे हे खिलाडूपणाला धरून नाही, असे मानणारी शहाणी माणसे पुढेही होतीच. त्यांना मूर्ख ठरवून हसणारी कादंबरी मला आवडत नाही. ती यंत्रे जड होती, सारखी बिघडत, आणि 1924 मध्ये बावीस वर्षांचा अर्विन ती दुरुस्त करण्यात दिवसच्या दिवस घालवत असे. हे ओझे वर नेऊन फायदा किती आणि तोटा किती, हा प्रश्न तेव्हा खरोखरच सुटलेला नव्हता.

आता ज्या मुद्द्यावर मी सर्वांत जास्त पुस्तके नापसंत केली आहेत, त्याकडे येते. 7 जून 1922 रोजी नॉर्थ कोलखालच्या उतारावर सतरा माणसे चार दोरांवर बांधून चढत होती. त्यांत तीन ब्रिटिश होते आणि चौदा हमाल. ताजे बर्फ सरकले, नऊ हमाल एका हिमकड्यावरून खाली फेकले गेले आणि त्यांतले सात मेले. तिन्ही ब्रिटिश वाचले. त्यांच्यापैकी सॉमरवेलला, आपल्यातला एखादा तरी त्यांच्याबरोबर का गेला नाही, या विचाराने पोखरले, हे त्याने स्वतः लिहून ठेवले आहे. कादंबरीकारांना त्याचा हा पश्चात्ताप फार आवडतो, आणि तो आहेच हृदयस्पर्शी. पण सात मृत्यूंची किंमत एका गोऱ्या माणसाच्या मनस्तापात मोजून प्रकरण संपवले, की पुस्तकाने त्या सातांना पुन्हा एकदा कड्यावरून ढकललेले असते. ताजे बर्फ, उतार आणि वेळ यांविषयी त्या चौदा जणांना काय वाटत होते? त्यांना कुणी विचारले होते का? एव्हरेस्टच्या उत्तर पायथ्याकडच्या रोंगबुक मठाच्या प्रमुख लामांनी आपल्या आत्मचरित्रात या मोहिमेची आठवण लिहिली आहे, आणि अशा अनावश्यक कामासाठी इतके हाल सोसणाऱ्या या माणसांविषयी आपल्याला करुणा वाटली, असा तिचा आशय आहे. हा आवाज कागदावर उपलब्ध असताना ज्या कादंबरीत मठ फक्त शिंगांच्या आवाजापुरता आणि धूपाच्या वासापुरता येतो, तिचा अभ्यास एकाच बाजूचा आहे असे मी समजते.

1924 मध्ये नोर्बू यिशे, ल्हाक्पा चेदी आणि सेमचुंबी या तिघांनी सहावी छावणी 26,800 फुटांवर लावता यावी म्हणून ओझी वाहून नेली. जुन्या इंग्रजी नोंदींत त्यांच्या नावांची स्पेलिंगेसुद्धा एकसारखी नाहीत. दहा वर्षांनी नंगा पर्बतवर जर्मन मोहिमेचा नेता मेर्कल वादळात अडकला. आंग त्सेरिंग कसाबसा खाली पोचला, आणि गाय-ले हा शेर्पा मेर्कलपाशीच राहून त्याच्याबरोबर मेला. 1938 मध्ये दोघांची प्रेते सापडली. त्या शेवटच्या दिवसांत त्यांच्यात काय बोलणे झाले, हे सांगणारा कुणी उरला नाही, आणि इथे कादंबरीकाराला पूर्ण मुभा आहे. मी फक्त पाहते की तो गाय-लेला काय देतो. ‘स्वामिनिष्ठा’ हा शब्द देऊन मोकळा होणारा लेखक विचार करायचे टाळतो आहे, असे मला वाटते. तो थकला असेल, त्याचे पाय गोठले असतील, त्याला अजून मदत येईल असे वाटले असेल, किंवा माणसाला एकटे मरू द्यायचे नाही हा त्याचा स्वतःचा धर्म असेल. कारण कोणतेही असो, ते त्याचे स्वतःचे असायला हवे.

यावरून तुमच्यातले काही जण पुढचा प्रश्न विचारतात: इतिहासातली रिकामी जागा कादंबरीने भरावी की नाही? ती भरायला माझी हरकत नाही, पण कशी भरली हे मी बारकाईने पाहते. 8 जून 1924 रोजी दुपारी बारा पन्नासला मोहिमेतल्याच ओडेलला ढग फाटलेले दिसले आणि कड्यावर दोन काळे ठिपके वर सरकताना दिसले. ते शिखराकडे निघालेले आणि पुढे कधीच न परतलेले मॅलरी आणि अर्विन होते, आणि नक्की कोणत्या टप्प्यावर ते दिसले याविषयी पुढे ओडेलचीच खात्री डळमळली. 1933 मध्ये अर्विनची आइस अ‍ॅक्स सापडली, 1999 मध्ये कमरेला तुटलेला दोर असलेला मॅलरीचा देह सापडला, 2024 मध्ये अर्विनच्या नावाची पट्टी असलेला मोजा आणि बूट हिमनदीवर मिळाला. ते शिखरावर पोचले की नाही हे सांगू शकेल असा त्यांचा कॅमेरा अजून मिळालेला नाही. एवढ्या सामग्रीवर दोघांना शिखरावर पोचवणारी कादंबरीही लिहिता येईल आणि न पोचवणारीही. मला खुपते ते एवढेच, की लेखक हे पुरावे पेरण्यासाठी पात्रांना वाकवतो: मॅलरीच्या खिशात गॉगल सापडला म्हणून कादंबरीतला मॅलरी तो मुद्दाम खिशात ठेवतो, आणि त्या क्षणी पंचाहत्तर वर्षांनंतरच्या शोधपथकाकडे पाहिल्यासारखा थांबतो. त्याला सापडायचे नव्हते, घरी जायचे होते. त्याच्या मृत्यूची सांकेतिक तार इंग्लंडमध्ये पोचली 19 जूनला, म्हणजे अकरा दिवस त्याच्या बायकोचे घर नवरा जिवंत असल्यासारखेच चालू होते. या अकरा दिवसांवर लिहिलेले एक साधे प्रकरण मला शिखरावरच्या कल्पित दहा मिनिटांहून जास्त मोलाचे वाटेल.

नवी कादंबरी हातात आली की मी आधी उतरण शोधून वाचते. पुष्कळ पुस्तकांत ती नसतेच, कारण माथ्यावर किंवा मृत्यूवर पडदा पाडणे सोपे असते. त्याच 4 जूनच्या संध्याकाळी नॉर्टन आणि सॉमरवेल खाली उतरत होते. नॉर्टनने दिवसभरात खडकांवर गॉगल काढला होता आणि त्यामुळे रात्री आपले डोळे आंधळे होणार आहेत, हे त्याला अजून माहीत नव्हते. सोपी जागा आल्यावर दोघांनी दोर सोडला होता. मागे सॉमरवेलच्या घशात हिमदंशाने सुटलेले आतले अस्तर अडकले, श्वास बंद झाला, हाकही मारता येईना, आणि तो मरायच्या तयारीने बर्फात बसला. शेवटी दोन्ही हातांनी छाती दाबून त्याने तो अडथळा खोकून बाहेर काढला आणि पुन्हा चालू लागला. सॉमरवेल चित्रकार होता, म्हणून पुढे चालणाऱ्या नॉर्टनला वाटत होते की तो मावळतीचे रंग टिपण्यासाठी मागे थांबला असेल. हा प्रसंग लिहिणारा लेखक सॉमरवेलपाशी गुडघे टेकून बसणार, हे उघड आहे. पण नॉर्टनबरोबर चालत राहण्याचा, मागे वळून न पाहण्याचा, आणि मित्र चित्र काढतो आहे या समजुतीत त्याला तसेच उतरू देण्याचा संयम ज्याच्यापाशी असेल, त्याची कादंबरी मी पहिल्या पानापासून वाचायला घेते.