बसा रे सगळे खाली

शाळेच्या अमृतमहोत्सवी स्मरणिकेसाठी लिहा, असं पत्र आलं आणि डोळ्यांपुढे आले ते आपले ड्रॉइंगचे सर. नाव सांगायला नको. बडोद्याच्या दांडिया बाजारात अजूनही नुसतं ‘सर’ म्हटलं की तेच. इतर गुरुजनांनी क्षमा करावी, पण या पानावर दुसऱ्या कुणाला जागा उरणार नाही.

पोलिओमुळे माझ्या पायाला कॅलिपर, म्हणजे पट्ट्यांनी बांधायचा आधार, आणि काखेत कुबडी. एरवी मी ‘बिचारी’, स्नेहसंमेलनात ‘जिद्दी’. सरांनी मला यातलं काहीच कधी म्हटलं नाही.

आठवीत ते आम्हाला कीर्ती मंदिरात, गायकवाड घराण्याच्या स्मारकात, घेऊन गेले. नंदलाल बोस यांची तिथली भित्तिचित्रं, म्हणजे गंगावतरण, मीरा, महाभारतातलं युद्ध, पाहून रेखाटन करायचं होतं. एक हात कुबडीत, त्यामुळे उभ्याने वही धरता येईना. मी फरशीवर बसले. मागे कुणीतरी कुजबुजलं. सर आले, शेजारी मांडी घालून बसले आणि मान वर करून बराच वेळ पाहत राहिले. मग म्हणाले, “बसा रे सगळे खाली. हिला इथून जे दिसतंय, ते उभ्याने दिसत नाही.” अख्खा वर्ग बसला! माझी गंगा पानात मावेना, तर सरांनी वरच्या बाजूला दुसरं पान चिकटवून दिलं. खोडायला सांगितलं नाही.

आज मी माहितीपट करते. कॅमेरा बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीला लावते. तिथून बसची पायरी कड्यासारखी दिसते, आणि आपल्याशी न बोलता सोबतच्याशी बोलणारी माणसंही नीट दिसतात. सध्याच्या फिल्ममध्ये मीच आहे. 27 मार्च 2014 रोजी भारत पोलिओमुक्त जाहीर झाला, तेव्हा मी आनंदाने रडले. पण आम्ही अजून आहोत. इतक्या वर्षांनी आमच्यातल्या कित्येकांचे स्नायू पुन्हा दुबळे होताहेत, डॉक्टर त्याला पोस्ट-पोलिओ सिंड्रोम म्हणतात. कॅलिपरचे पट्टे बांधायला आता मला जास्त वेळ लागतो. फिल्ममध्ये तो सगळा वेळ दाखवलाय, वर करुण बासरी न वाजवता.

ड्रॉइंगचा तास आता आठवड्यातून एकदाच, तोही परीक्षा आली की गणिताला जातो, असं कळलं. फार वाईट वाटलं. महोत्सवाच्या निधीतून काही करणार असाल, तर आधी तो तास परत द्या. शिकवायला मी येईन. वर्ग तेवढा तळमजल्यावर ठेवा.